मिशिगन सरोवराचं खालचं टोक: वाळूचे डोंगर, पोलादाच्या भट्ट्या आणि एक निळी बरणी

दांडियाबाजारकर:
नमस्कार मंडळी. मुलगी-जावई अमेरिकेत इंडियाना राज्यातल्या मन्स्टर गावात असतात, त्यांच्याकडे तीन महिने राहून मागच्या आठवड्यात वडोदऱ्याला परत आलो. जो तो विचारतो शिकागो पाहिलंत का. पाहिलं, छान आहे. पण मला लिहायचंय ते शिकागोच्या आग्नेयेला, सरोवराच्या अगदी खालच्या टोकाशी असलेल्या पट्ट्याबद्दल. कॅल्युमेट रीजन त्याचं नाव, तिथले लोक नुसतं 'द रीजन' म्हणतात. कोयलीच्या रिफायनरीत 34 वर्षं काढलेला माणूस मी, चिमण्या, फ्लेअर, टाक्या बघून परकं वाटायचं कारणच नव्हतं, पण त्या चिमण्यांच्या कुंपणाला लागून दीडशे-दोनशे फुटी वाळूचे डोंगर, त्यावर रान आणि खाली पोहणारी पोरं, हे मी उभ्या आयुष्यात पाहिलं नव्हतं.

तळं म्हटलं की आपल्या डोळ्यापुढे वडोदऱ्यातलं सूरसागर येतं, मधे शंकर, भोवती कठडा, रमतगमत फेरी मारली तरी घरी चहाला परत. हे सरोवर 494 किलोमीटर लांब आणि क्षेत्रफळ सुमारे 58 हजार चौरस किलोमीटर, म्हणजे आपल्या अख्ख्या गुजरातच्या तीन दशांश एवढं पाणी. समोरचा काठ दिसत नाही, लाटा येतात, आणि तोंडात पाणी गेलं तर गोड. पहिल्या दिवशी मी ओंजळभर घेऊन चाखलंच.

आता भूगोल. हिमयुगात उत्तरेकडून बर्फाची चादर खाली आली, मागे सरताना दगडमातीचा अर्धगोल बांध टाकून गेली, आणि बांध नि बर्फ यांच्यामधे वितळलेलं पाणी साचलं. साधारण 14 हजार वर्षांपूर्वी ते पाणी आजच्या पातळीपेक्षा 60 फूट वर होतं. मग ते टप्प्याटप्प्याने उतरलं, आणि जिथे जिथे थांबलं तिथे किनाऱ्याची एकेक वाळूची वरंडी राहिली. अशा तीन मोठ्या वरंड्या आहेत, ग्लेनवूड, कॅल्युमेट आणि टॉलेस्टन. मुलीच्या घराजवळ रिज रोड नावाचा रस्ता आहे, मी रोज सकाळी त्यावर फिरायला जायचो, दोन्ही अंगांना गल्ल्या हलक्याशा खाली उतरतात. महिनाभराने जावयाने नकाशा दाखवला तेव्हा कळलं की मी रोज एका जुन्या समुद्रकिनाऱ्यावरून, म्हणजे सरोवरकिनाऱ्यावरून, चालतोय आणि आजचं पाणी तिथून कितीतरी मैल उत्तरेला आहे. दोन वरंड्यांच्या मधे दलदल असायची म्हणून आधी वाटसरूंनी, मग गाडीवाटांनी, मग डांबरी रस्त्यांनी, सगळ्यांनी कोरडी वरंडीच धरली.

आणि या वरंड्यांमुळे नदीचं जे झालं ते तर बघण्यासारखं. कॅल्युमेट नदी सरोवराच्या जवळ येऊनही सरोवरात जाऊ शकत नव्हती, मधे वाळूची भिंत. त्यामुळे ती किनाऱ्याला समांतर पश्चिमेला जायची, इलिनॉयमधे ब्लू आयलंडपाशी केसाच्या आकड्यासारखी गर्रकन वळायची आणि काही मैल उत्तरेकडून तीच नदी उलटी पूर्वेला यायची. जातानाची ती लिटल कॅल्युमेट, येतानाची ग्रँड कॅल्युमेट. नदी एकच, मधे वाळू. पूर्वेकडचं मुख 1870 च्या दशकापर्यंत वाळूने बुजलं, मग पाणी जाणार कुठे, ते तुंबून राहायचं.

म्हणजे शेतीला निकस, घरं बांधायला दलदल, शिकागोपासून जवळ पण कुणाला नकोशी अशी ओसाड जमीन. कारखान्यांना नेमकी हीच हवी होती. पोलादाबद्दल उद्या लिहितो, आज डोळे दुखायला लागले.

भूगोलताई:
भाऊ, फार छान लिहिलंत. 31 वर्षं शाळेत भूगोल शिकवला, 'ग्रेट लेक्स औद्योगिक पट्टा' एवढी एक ओळ पुस्तकात असायची आणि मुलं ती पाठ करायची. नदी वरंडीला धरून उलटी वळते हे मला तेव्हा माहीत असतं तर फळ्यावर काढून दाखवलं असतं.

एकच शब्द खटकला, ओसाड. तिथे पोटावाटोमी लोक राहत होते. दलदलीत जंगली भात, बदकं, मासे, कस्तुरी उंदराची कातडी, त्यांना ती जमीन भरपूर देत होती. 1830 च्या दशकात करार करून करून ती काढून घेतली आणि 1838 च्या सप्टेंबरात इंडियानातल्या साडेआठशेवर लोकांना सैनिकांच्या पहाऱ्यात कॅन्ससपर्यंत हजारेक किलोमीटर चालवत नेलं. वाटेत चाळिसावर माणसं गेली, बहुतेक लहान मुलं. त्या वाटेला मृत्यूची वाट म्हणतात.

दांडियाबाजारकर:
ताई, तुमचं बरोबर आहे, शब्द मागे घेतो. नावंसुद्धा तिथल्या मूळ लोकांच्या भाषांतलीच आहेत, मिशिगन, शिकागो, आणि आपण नकाशात वाचून पुढे जातो.

मकरपुरा_शेड_नं_७:
काका पोलाद येऊ द्या लवकर. आमचं फॅब्रिकेशनचं काम, रोज प्लेटा कापतो, कॉइल कुठून येते बघायला मजा येईल. एक विचारतो, लोखंड पण तिथे नाही, कोळसा पण तिथे नाही, मग प्लांट तिथेच का?

दांडियाबाजारकर:
हाच प्रश्न मला पडला होता. उत्तर नकाशातच आहे, पण ते समजायला मला एक जहाज बघावं लागलं.

लोखंडाची माती येते मिनेसोटातल्या मेसाबी डोंगररांगेतून. तिथून रेल्वेने सुपीरियर सरोवराच्या काठी, तिथून जहाजाने सू नावाच्या जलद्वारांतून खाली उतरून मिशिगन सरोवराच्या दक्षिण टोकाशी. चुनखडी मिशिगन राज्यातून, तीही जहाजानेच. कोळसा अपालाचियन डोंगरातून रेल्वेने. जड माल पाण्यावरून न्यायला सगळ्यात स्वस्त, आणि मिशिगन सरोवराचं पाणी जिथे पार दक्षिणेला घुसतं ते हे टोक. दुसरी गोष्ट, पूर्व किनाऱ्यावरून शिकागोला जाणाऱ्या रेल्वेला मधे हे एवढं सरोवर आडवं, त्यामुळे वळसा घालायला सगळ्या लाइनी याच चिंचोळ्या पट्टीतून जातात. जहाज संपतं तिथे रेल्वे हजर. माल, गिऱ्हाईक, थंड करायला हवं तेवढं पाणी आणि मातीमोल जमीन, आणखी काय पाहिजे.

मी पाहिलेलं जहाज हजार फुटी होतं, म्हणजे 305 मीटर. त्याच्या पोटातच पट्टा असतो, डेकवरचा लांब दांडा बाजूला फिरवतात आणि माल आपोआप धक्क्यावर पडत राहतो, तांबूस करड्या गोळ्यांचा ढीग वाढत जातो, हमाल एकही दिसला नाही. दोन तास मी कठड्याला टेकून उभा होतो, मुलगी गाडीत बसून कंटाळली.

इंडियानाला हा किनारा मिळाला तोही कागदावर आखून. आधीची सरहद्द सरोवराच्या दक्षिण टोकावरून जाणारी आडवी रेघ होती, म्हणजे राज्याला पाणीच नाही. 1816 मधे राज्य झालं तेव्हा रेघ 10 मैल उत्तरेला सरकवली. त्या 10 मैलांमुळे सुमारे 70 किलोमीटरचा काठ मिळाला आणि पुढे त्या काठावर अख्ख्या देशाचं पोलाद बनलं.

1901 मधे जे पी मॉर्गनने कंपन्या एकत्र करून यू एस स्टील काढली, अब्ज डॉलरच्या वर भांडवल असलेली पहिली कंपनी. 1906 पासून त्यांनी या वाळूत कारखाना आणि शहर दोन्ही एकदम उभं करायला घेतलं. टेकड्या सपाट केल्या, ग्रँड कॅल्युमेट नदी उचलून दुसरीकडे वळवली, सरोवरात भर घालून जमीन वाढवली. कंपनीचे अध्यक्ष एल्बर्ट गॅरी, त्यांच्या नावावरून शहराचं नाव गॅरी. 1909 मधे पोलाद निघायला लागलं.

शहर आखताना एक गोष्ट केली ती मला फार लागली. काठाचा कितीतरी मैलांचा सलग पट्टा कारखान्याला, त्यामागे रेल्वे, आणि त्याच्याही मागे माणसं. सरोवराकाठी वसवलेल्या शहरातल्या माणसाला शहराच्या मधोमध उभं राहून सरोवर दिसतच नाही. ब्रॉडवे नावाचा मुख्य रस्ता सरळ उत्तरेला जातो, वाटतं आता पाणी येईल, आणि येतं कारखान्याचं फाटक. पाण्याला पाय लावायचा तर पूर्वेला मिलर नावाच्या वस्तीपर्यंत जा.

कामगार कुठून कुठून आले, पोलंड, स्लोव्हाकिया, सर्बिया, मेक्सिको, आणि दक्षिणेकडून निघालेले कृष्णवर्णीय. दिवसाची पाळी 12 तासांची, आणि दिवसपाळी-रातपाळी बदलायची त्या दिवशी सलग 24 तास. मी आयुष्यभर ए-बी-सी शिफ्ट केल्यात, रिलिव्हर आला नाही की डबल ड्युटी काय असते ते मला माहितीय, 16 तासांनंतर गेजवरचा आकडा दोनदा वाचावा लागतो. इथे तर समोर वितळलेलं लोखंड. 1919 मधे देशभर मोठा संप झाला, गॅरीत लष्कर आणलं, संप मोडला. 12 तासांची पाळी शेवटी 1923 मधे गेली. पुढे 30 मे 1937 ला दक्षिण शिकागोत रिपब्लिक स्टीलच्या बाहेर पोलिसांनी संपकऱ्यांवर गोळ्या झाडल्या, 10 माणसं मेली.

भूगोलताई:
1906 म्हटल्यावर मी उठून बसले. त्याच साली सयाजीराव महाराजांनी बडोदा राज्यात सक्तीचं मोफत प्राथमिक शिक्षण सगळीकडे लागू केलं, आणि त्याच साली महाराज अमेरिकेच्या दौऱ्यावरही होते. आणि गॅरीचंही नाव शिक्षणात मोठं आहे बरं का. विल्यम वर्ट नावाचे शिक्षणाधिकारी 1907 मधे तिथे आले, त्यांनी अशी शाळा बसवली की अर्धी मुलं वर्गात असताना उरलेली सुतारकामात, बागेत, मैदानावर, मग अदलाबदल. इमारत कधी रिकामी नाही आणि मूल दिवसभर बाकावर नाही. गॅरी प्लॅन म्हणून तो देशभर गाजला, न्यूयॉर्कमधे लागू करायला गेले तर 1917 मधे पालकांनी रस्त्यावर येऊन विरोध केला, आमच्या मुलांना कारखान्यात घालायची तयारी चाललीय म्हणून. दोन्ही बाजू मला पटतात. आमच्या बीएडला यावर टिपण लिहायला होतं, पण गॅरी म्हणजे माणसाचं नाव असंच मी समजत होते.

प्रतापनगरची_पोर:
काका, मी शिकागोत नऊ वर्षं आहे, साउथ शोअर ट्रेनने दर आठवड्याला या पट्ट्यातून जाते, त्यामुळे लिहिल्याशिवाय राहवेना. गॅरीची लोकसंख्या 1960 मधे 1,78,320 होती, 2020 मधे 69,093. कारखाना बंद नाहीये हे लोकांना कळत नाही, पोलाद अजून बनतंच, माणसं लागत नाहीत. 1970 च्या सुमारास 30 हजारांवर कामगार होते, 1990 पर्यंत 6 हजार राहिले. मशीन आलं, बाहेरचं स्वस्त पोलाद आलं, आणि 1967 मधे रिचर्ड हॅचर महापौर म्हणून निवडून आले, मोठ्या अमेरिकन शहरातल्या पहिल्या काही कृष्णवर्णीय महापौरांपैकी एक, त्या सुमाराला गोरी वस्ती दक्षिणेकडच्या उपनगरांत सरकत गेली. दुकानं गेली, थिएटरं गेली, ब्रॉडवेवर छप्पर नसलेल्या इमारती आहेत, आत झाडं उगवलीत. लोक कॅमेरे घेऊन येतात पडक्या चर्चचे फोटो काढायला. मला ते बघवत नाही, कारण दोन गल्ल्या पलीकडे लोक राहतात, अंगणात टोमॅटो लावतात, मुलांना शाळेला सोडतात.

आणि शिशाचं सांगते. शेजारच्या ईस्ट शिकागो गावात जुन्या शिसं गाळायच्या कारखान्याच्या जागेवर 1970 च्या दशकात गरिबांसाठी वसाहत बांधली. 2016 मधे तिथल्या हजाराहून जास्त लोकांना घरं सोडा म्हणून सांगितलं, मातीत शिसं आणि आर्सेनिक. त्यात शेकडो मुलं होती. चाळीसेक वर्षं मुलं त्या मातीत खेळली. हे वाचलं त्या रात्री मी माझ्या मुलीला कुशीत घेऊन जागीच होते.

मकरपुरा_शेड_नं_७:
वाईटच. पण मी धंदेवाला आहे म्हणून नाही, मनापासून विचारतो, कारखाने आले नसते तर ती माणसं पोलंडात नाहीतर मिसिसिपीत उपाशीच असती ना? आमचे आजोबा सांगलीहून इथे आले ते मिलमधल्या नोकरीसाठीच, वडोदऱ्याला काम नसतं तर आम्ही कुठे असतो. आणि तिकडे तर आपले मित्तलसाहेबपण होते ना?

दांडियाबाजारकर:
होते. 1998 मधे लक्ष्मी मित्तलांच्या कंपनीने ईस्ट शिकागोचा इनलँड स्टील घेतला, मग बर्न्स हार्बरचा प्लांटही त्यांच्याकडे आला, आणि 2020 च्या शेवटी ते सगळं क्लीव्हलँड-क्लिफ्सला विकलं. गॅरीचा कारखाना आता 2025 पासून जपानच्या निप्पॉन स्टीलच्या हातात आहे.

बाकी तुझ्या प्रश्नावर, माझंही घर रिफायनरीच्या पगारावर उभं राहिलंय, मुलगी त्याच पगारावर शिकली, मी कारखान्याला नावं ठेवणार नाही. व्हायटिंग गावात स्टँडर्ड ऑइलची 1889 ची रिफायनरी आहे, अजून चालू, फक्त मालक आता बीपी. तिच्या कुंपणाबाहेर मी हात जोडून उभा राहिलो. ओहायोच्या लायमा भागातलं तेल गंधकामुळे इतकं घाण वासाचं की त्याचं रॉकेल कोणी घरात लावेना, हर्मन फ्राशने कॉपर ऑक्साइड वापरून ते गंधक काढायची रीत बसवली, म्हणून ही रिफायनरी चालली. आणि इथेच विल्यम बर्टनने जड तेल दाबाखाली तापवून त्याचे रेणू तोडायची पद्धत काढली, 1913 मधे ती चालू झाली आणि त्याच क्रूडमधून दुपटीच्या आसपास पेट्रोल निघायला लागलं. मी 22 वर्षं कॅट क्रॅकरवर होतो, ते युनिट म्हणजे त्या कल्पनेचं नातवंड. व्हायटिंगलाच 27 ऑगस्ट 1955 ला मोठा स्फोट झाला, आग आठ दिवस चालली. आतली भीती आम्हाला माहितीय, म्हणून आतल्या माणसांबद्दल जीव तुटतो.

माझं म्हणणं एवढंच आहे की जागा कुठे द्यायची, काठ कोणाला द्यायचा आणि घाण कोणाच्या अंगणात जायची, हे पहिल्या दिवशी कोणीतरी कागदावर रेघ मारून ठरवलं होतं. ग्रँड कॅल्युमेटमधे आज वाहतं ते बहुतेक पाणी कारखान्यांतून आणि गावांच्या प्रक्रिया केंद्रांतून सोडलेलं आहे, नदीचं स्वतःचं फार थोडं. वडोदऱ्याजवळची, नंदेसरीकडची मिनी नदी ज्यांनी पाहिलीय त्यांना वेगळं सांगायला नको. आपल्याकडे पण वडोदऱ्यापासून खंभातच्या आखातापर्यंत पन्नासेक किलोमीटरची सांडपाण्याची चॅनल आहे, ती कोणाच्या शेताजवळून जाते ते त्या गावातल्यांना विचारावं.

भूगोलताई:
भाऊ, वाळूच्या डोंगरांचं राहिलंच. हेन्री काउल्सचा अभ्यास तिथलाच ना, 1899 चा? पाण्याकाठून आत चालत जायचं, आधी नुसतं मॅरम गवत, मग कॉटनवूड, मग पाईन, मग काळा ओक. जुनी टेकडी आत, नवी काठाला, म्हणजे शंभर पावलं आत गेलं की शेकडो वर्षं मागे गेलं. वनस्पतींचं अनुक्रमण जगाला समजलं त्यात या वाळूचा मोठा वाटा आहे.

दांडियाबाजारकर:
तिथलाच. आणि त्या डोंगरांचंच मला सगळ्यात जास्त सांगायचं होतं.

कोरड्या वाळूवर पाय घासत चाललं की ती वाजते, चूंचूं असा आवाज, गारगोटीचे गोल गोल सारखे दाणे एकमेकांवर घासतात म्हणून. नात सारखी मागे-पुढे पळत होती तो आवाज ऐकायला. मिशिगन सिटीपाशी माउंट बाल्डी आहे, 126 फुटी आणि जिवंत, वाऱ्याने दर वर्षी काही फूट आत सरकते, वाटेतली झाडं गिळते. 2013 मधे एक सहा वर्षांचा मुलगा टेकडीवर चालता चालता आत नाहीसा झाला. गिळलेला ओक आत कुजून पोकळ नळी राहिली होती. तीन तासांनी त्याला 11 फूट खोलीवरून जिवंत काढला. तेव्हापासून त्या टेकडीवर मनाला येईल तसं चढू देत नाहीत.

आता बाल्डीहून मोठी, जवळजवळ 200 फुटी हूझियर स्लाइड नावाची टेकडी मिशिगन सिटीच्या बंदराशी होती. लोक शिकागोहून बोटीने तिच्यावर चढायला यायचे. 1890 ते 1920 या तीस वर्षांत ती वाघिणींत भरभरून नेली, काच करायला, सुमारे 1 कोटी 35 लाख टन वाळू. टेकडी संपली. तिथे आता वीजकेंद्र आहे, मोठ्ठा कूलिंग टॉवर दिसतो त्याला बरेच जण अणुभट्टी समजतात, पण ते कोळशाचं. बरीच वाळू मन्सीच्या बॉल ब्रदर्सकडे गेली, लोणच्या-मुरंब्याच्या बरण्या करायला. त्या वाळूमुळे काच निळसर यायची.

बाकीच्या टेकड्याही अशाच गेल्या असत्या. 1916 मधे राष्ट्रीय उद्यानासाठी सुनावणी झाली, मग महायुद्धात ते मागे पडलं. 1925 मधे एका तुकड्याचं राज्य उद्यान झालं. 1952 मधे गावातल्या बायकांनी एकत्र येऊन डोंगर वाचवायची चळवळ सुरू केली. इलिनॉयचे सिनेटर पॉल डग्लस, शेजारच्या राज्याचे, त्यांनी दिल्लीत म्हणजे वॉशिंग्टनमधे वर्षानुवर्षं भांडण लावून धरलं कारण इंडियानाच्या पुढाऱ्यांना बंदर हवं होतं. शेवटी 1966 मधे दोन्ही मंजूर झालं, बंदरही आणि संरक्षित किनाराही. पण तोवर सर्वात सुंदर मधला भाग बेथलेहेम स्टीलने खणून काढला होता, आणि ती वाळू पडाव भरभरून पलीकडे एव्हन्स्टनला गेली, नॉर्थवेस्टर्न विद्यापीठाने सरोवरात भर घालून आपला परिसर वाढवला त्याच्या खाली. म्हणून आज उद्यान सलग नाही, मधे पोलादाचा कारखाना, दोन्हीकडे रान. 2019 च्या फेब्रुवारीत त्याला राष्ट्रीय उद्यान म्हणायला लागले. 6 हजार हेक्टरच्या आसपास जागा आणि 1,100 च्या वर देशी वनस्पती.

प्रतापनगरची_पोर:
कोणी येणार असेल तर साउथ शोअरने या, 1908 पासूनची विजेची गाडी आहे, ड्यून पार्क स्टेशनला उतरायचं, तिथून पायी जाता येतं. मेच्या शेवटी पाणी गार असतं, ऑगस्ट बरा. आणि काका, मिलरच्या वाळूवर 1896 मधे ऑक्टेव्ह शनूटने ग्लायडर उडवून पाहिले होते, राइट बंधूंच्या आधी. तिथे जाऊन आलात का?

दांडियाबाजारकर:
गेलो होतो. वारा इतका होता की टोपी गेली, ग्लायडर तिथेच का आणले ते लगेच समजलं.

मकरपुरा_शेड_नं_७:
काका ती निळी बरणी बघायला मिळाली का कुठे?

दांडियाबाजारकर:
शेजारच्या आजींनी दिली. वय 86, वडील स्लोव्हाकियातून आले, व्हायटिंगला रिफायनरीत लागले, आई याच बरणीत काकडीचं लोणचं घालायची. मी रिफायनरीतला आहे कळल्यावर त्यांनी मला स्वैपाकघरात नेऊन वरच्या फळीवरून स्टुलावर चढून ती काढली, मी नको नको म्हणत असताना वर्तमानपत्रात गुंडाळून हातात दिली. बॉलने निळी काच 1937 च्या सुमाराला बंद केली, म्हणजे ही त्याच्या आधीची. झाकण जस्ताचं, गंजलेलं.

केबिन बॅगेत मांडीवर ठेवून आणली. सध्या हिने त्यात मेथीदाणे भरलेत, वैशाखात कैरीचा छुंदा घालणार म्हणते. सकाळी ऊन खिडकीतून आलं की ओट्यावर निळी सावली पडते. काचेत बुडबुडे आहेत, आणि तळाशी बोट फिरवलं की एक बारीकसा खडा लागतो. भट्टीत न वितळलेला, तसाच राहिलेला वाळूचा दाणा.